साखर पेठेचं काय करायचं

कन्ना चौकातल्या दुकानात माझं काम इतकंच:
एकाचा मजकूर दुसऱ्याचा वाटेल असा करायचा.
घर दिसलं की सदन,
वाट दिसली की मार्ग,
'सुरुवात' खोडून 'प्रारंभ'.
पानाला बारा रुपये, चहा मालकांचा.

दिवाळीपासून यंत्र आलंय.
ते एका दमात पान फिरवतं,
पण नाव कुठलं आणि शब्द कुठला
हे सांगायला अजून मी लागते.
पहिल्याच दिवशी त्यानं
साखर पेठेची शर्करा बाजारपेठ केली,
सात रस्त्याचे सप्तमार्ग,
आणि फुलाबाई कोळींना,
ज्या चांगल्या धडधाकट आहेत, समोरच राहतात,
पुष्पस्त्री मच्छीमार.
मालक खुर्चीवरून घसरेपर्यंत हसले.
मग चष्मा पुसत म्हणाले,
"भाग्यलक्ष्मी, नावं आधी लाल करून घे.
पावती नावानं फाटते."

तेव्हापासून लाल करते.
वाटतं तितकं सोपं नाही.
सागर कधी पोरगा असतो, कधी समुद्र.
'यंदा जाधवांकडे प्रगती झाली':
मुलगी, की सुधारणा?
वाक्य मागंपुढं वाचावं लागतं,
तुटला धागा शोधताना वाकतात तसं वाकून.

आमचं आडनाव चिलुका.
तेलुगूत चिलुका म्हणजे पोपट.
नानांनी चौथीत गुरुजींना हे कौतुकानं सांगितलं
आणि नरसय्या पोपट झाले,
मैदानात, दाखल्यावर,
पुढं गिरणीच्या हजेरीबुकातसुद्धा.
गिरणी बंद पडली तेव्हा फंडासाठी
आपण पोपट नाही, चिलुका आहोत
हे पटवायला नाना तीन वर्षं
कचेरीच्या जिन्यात उभे.
शब्द तसा अगदी बरोबर होता.

परवा विणकर संघाच्या स्मरणिकेसाठी
नानांवर चार ओळी लिहिल्या.
मालक म्हणाले, त्याच फिरवून दे,
दुसऱ्या अंकालाही चालतील.
नरसय्या, लाल.
चिलुका, लाल.
आईचं नाव अंबक्का, लाल.
अशोक चौक, लाल.
बटण दाबलं.

मी लिहिलं होतं:
आमच्या घरात दोन माग होते.
यंत्रानं लिहिलं:
आमच्या सदनात दोन पाऊलखुणा होत्या.

हसू आलं. खोडायला बोट उचललं.

आणि आमची बाहेरची खोली आठवली.
माग भंगारात गेले त्याला अकरा वर्षं झाली,
फरशीवर दोन काळे चौकोन अजून आहेत,
तेल मुरलेले, सोड्यानंही न निघणारे.
आई तिथं पाहुण्याला बसवत नाही.
नाना रात्री अंधारात मोरीकडे जातात
तेव्हा त्यांना वळसा घालून जातात,
आधी एकाला,
मग दुसऱ्याला.

'सदनात' खोडलं, 'घरात' केलं.
'होत्या' खोडून 'आहेत'.
बाकीचं राहू दिलं.