दोन अंश

प्रश्न तिसरा, उपप्रश्न दोन:
दोन पूरक कोनांपैकी एक
दुसऱ्याच्या दुपटीपेक्षा तीसने कमी.
दोन्ही कोन काढा.

विडी घरकुलात सातला दिवे गेले, आठला आले.
तोवर उंबऱ्यावर बसून मी एवढंच लिहिलं होतं:
समजा, एक कोन क्ष.

अम्मा समोर. मांडीवर सूप, सुपात भिजवलेली पानं.
पानावर पत्र्याचा फर्मा ठेवायचा, कडेनं कात्री फिरवायची.
हजार विड्या म्हणजे हजार वेळा तेच चार कोपरे.
नजर मात्र पलीकडच्या अंबव्वाकडे,
भिशीच्या हप्त्यावरून दोघींचं वाजलेलं.

"एंत?" मधेच मला विचारलं. किती?
म्हटलं, दोघांची बेरीज एकशे ऐंशी. नूट एनभै.
"मग अडलं कुठं? एकाला जास्त वाढलं
तर दुसऱ्याच्या ताटात कमीच येणार.
एवढ्यासाठी शाळेत घालतेय तुला?"

क्ष अधिक दोन क्ष वजा तीस.
तीन क्ष बरोबर दोनशे दहा.
एक सत्तर. दुसरा एकशे दहा.
मंठाळकर बाई पडताळ्याशिवाय गुण देत नाहीत,
म्हणून बेरीज करून पाहिली. जुळली.

कंपासपेटी उघडीच होती.
सहज कोनमापक अम्माच्या फर्म्यावर ठेवला.
वरची कड खालच्या कडेला समांतर, बाजू तिरकी,
म्हणजे त्या बाजूचे दोन कोन पूरक. हे पुस्तकात आहे.
खालचा सत्तर!
वरचा मोजला. एकशे आठ.
पत्रा पदराला पुसून, दिव्याखाली नेऊन मोजला.
एकशे आठ.

"अम्मा, दोन अंश कमी भरतात."
तिनं फर्मा उलटा केला, झिजलेल्या कोपऱ्यावरून
अंगठा फिरवला.
"अत्तम्माचा हा. तिच्या आधी कुणाचा, ठाऊक नाही.
कात्रीनं खाल्ला असेल."
आणि जरा वेळानं, अंबव्वाला ऐकू जाणार नाही असं:
"तरीच तो चेकर शंभरातल्या दहा
छाटीत फेकतो."

दुसऱ्या दिवशी वहीच्या पुठ्ठ्यावर
टोकदार पेन्सिलनं सत्तर आखला, एकशे दहा आखला,
अशोक चौकात मैनोद्दीनच्या दुकानी नेला.
तो म्हणाला, कोपरे थोडे गोल करू का? हाताला लागतील.
नको म्हटलं.

नव्या फर्म्यावर पहिल्याच तासाला
अम्माचं बोट कापलं. शिव्या मला पडल्या, तेलुगूत.
दोन दिवस कात्री सवयीनं
जुन्याच कोपऱ्यातून वळत राहिली,
नसलेल्या झिजेला वळसा घालत.
शनिवारी छाट सहा निघाली.
सहाच का, शून्य का नाही,
याचं उदाहरण कुठल्या संचात सापडलं नाही.

जुना फर्मा आता माझ्या कंपासपेटीत असतो,
गुण्याखाली.
बाई विचारतात, हे काय गं, पत्रा कसला?
काही बोलत नाही. कधीतरी मोजून बघते.
एकशे अठ्ठ्याहत्तर.