उठाव

एप्रिलात ताप, जूनमध्ये लस,
आणि पोळ्याच्या आदल्या दिवशी कणीक मळताना
मनगटावर पहिली गांध.
डास असेल म्हणून सोडली.
रात्रीपर्यंत कमरेला, काखेत, चपलेच्या पट्ट्याखाली
गांधीच गांधी.

सकाळी प्रेसमध्ये गांगुर्डे बाईंना सांगितलं,
अंगभर गांधी उठल्यात हो.
त्या समोरच्या करकरीत नोटांच्या तावावर बोट ठेवून म्हणाल्या,
इथं तर रोज उठतात, तुला काय नवीन.
हसलो आम्ही. मास्कच्या आत हसलो.
हसण्यानं खाज वाढते हे तेव्हा कळलं.

नणंद सिन्नरहून फोनवर : लसच ती. मी म्हणत होते.
दीर म्हणाला, तापाची गरमी राहिलीय अंगात, सब्जा खा.
वाणीकाकूंनी आमसुलाचं पाणी चोळलं.
मेडिकलवाल्यानं गोळी दिली, अर्धी घ्या म्हणाला,
मी अख्खी घेतली, बसमध्ये झोपले,
उपनगरचा स्टॉप गेला
आणि जाग आली ती द्वारकेला.

बिटकोत दोन तास लायनीत.
डॉक्टर बोरस्ते, वय माझ्या भाच्याएवढं.
त्यानं माझा हात उलटा केला
आणि पेनाच्या बोथट टोकानं
कोपरापासून मनगटापर्यंत एक रेघ ओढली.
बघा, म्हणाला.
बघितलं. आधी पांढरी, मग लाल,
मग रेघ उठून उभी राहिली,
डोळे मिटून बोटानं वाचावी अशी.
सव्वीस वर्षं मी हेच करतेय.
कागदावरची शाई अंगठ्यानं चाचपते,
उठाव आहे की नाही बघते,
नसेल तर निळ्या पेन्सिलीची फुली.

मी विचारलं, ताप की लस?
तो खोटं बोलला नाही.
दोन्हींनी होऊ शकतं, म्हणाला, दोन्हींशिवायही होतं.
वॉचमननं एकदा चोर पाहिला. चोर गेला.
आता मांजर आलं तरी शिट्टी वाजवतोय.
किती दिवस वाजवेल?
सहा आठवडे. सहा महिने. थकेल कधीतरी.
दुसरा डोस चुकवू नका,
हे मात्र दारापर्यंत येऊन दोनदा म्हणाला.

घेतला. दंडावर रुपयाएवढं लाल वर्तुळ आलं, आठवड्यात गेलं.
खाज आपली रोज साडेदहाला,
देवळालीकडच्या तोफा थांबल्या की.
नवरा ओल्या पंच्यानं पाठ पुसतो,
खाजवू नको म्हणतो, आणि मग स्वतःच
नखानं दुधाचा हिशेब लिहून बघतो :
दीड, दीड, शनिवारी दोन.
आरशात हिशेब उलटा दिसतो. पण बरोबर असतो.

एक सांगायचं राहिलं.
टेबलावर माझ्या डाव्या हाताला रत्नमाला मोजाड बसायची.
तिलाही एप्रिलातच ताप आला.
लस तेव्हा पंचेचाळीसच्या पुढच्यांना होती.
ती त्रेचाळीसची.
तिच्या खुर्चीवर आता एक नवीन मुलगी असते.
चांगली आहे. डबा वाटून खाते.

परवा रात्री सगळे झोपल्यावर
मी केसातली पिन काढून
मांडीवर तिचं नाव लिहिलं.
बराच वेळ काहीच नाही.
मग र आला. मग जोडाक्षर, जरा फुगलेलं.
मग मा.
शेवटच्या ला-चा काना काही नीट उठलाच नाही,
पुसट राहिला, अर्धवट.
असा ताव मी प्रेसमध्ये
कधीच पुढे जाऊ दिला नसता.

खाजवलं नाही.
दोन्ही हात उशीखाली दाबून बसून राहिले,
नाव पार सपाट होईपर्यंत.
मग गोळी घेतली. अर्धी.