कासी दे आकी

कॅसेट जुन्या बाजारात मिळाली, बुधवारी,
पितळी नळांच्या ढिगात, पाती नसलेल्या पंख्यामागे.
बावीस म्हणाला, अठराला दिली.
वेष्टनावर एक बाई, ओले केस,
खांद्यावर कुणा पुरुषाचा कोट.
नाव फियामा ब्रेस्की.
त्याखाली तिरक्या अक्षरांत: कासी दे आकी.
रूमवर ऋजुताने रोमन अक्षरं जुळवत वाचलं,
"काशिदे आक्का. तुमच्या गावच्या का गं?"

मी मंगरूळपीरची.
संध्याकाळी रानडेत स्पॅनिश,
दिवसा अप्पा बळवंत चौकात
पाठ्यपुस्तकांच्या पावत्या फाडायच्या.
पहिल्याच आठवड्यात काउंटरवर मी पानी मागितलं
आणि मालकीणबाई (वाईट नव्हत्या)
स्वतःचं फुलपात्र पुढे करत म्हणाल्या,
"पाणी. जीभ मागे वळव.
हं. आता पी."

प्यायले.
मग मलेचं मला झालं, काऊनचं का.
रिक्षात बसायच्या आधी
पत्ता मनात एकदा म्हणून बघायचे.

फियामा इटलीची.
दोन अल्बम स्वतःच्या भाषेत करून
हा तिसरा, स्पॅनिशमधला पहिला.
चाली जुन्याच, शब्द कुणीतरी बदलून दिलेले;
घडीच्या कागदावर मुंगीएवढ्या अक्षरांत
त्या माणसाचं नाव होतं, ते पुसट झालेलं.
सर म्हणाले, दोघी सख्ख्या बहिणी या भाषा,
म्हणून तर एकीचं दुसरीत जास्त सांडतं.

दुसऱ्या बाजूचं तिसरं गाणं.
काळीज म्हणायचं असतं तिथे.
माद्रिदवाले म्हणतात कोराथोन,
समुद्रापलीकडचे कोरासोन,
आणि ही, सूर लागलेला, श्वास पुरलेला,
म्हणते कोरात्सोन.
तो त्स म्हणजे आपल्या चांदण्यातला च.
चिंचेतला नव्हे, चांदण्यातलाच.
पुढच्या शब्दाआधी ती किंचित थांबते.
तिला कळलंय.
काचेपलीकडून कुणी नऊ वेळा परत म्हणायला लावलं असेल,
दहाव्या वेळी म्हणालं असेल, जाऊ दे,
किंवा ग्लासभर पाणी दिलं असेल.
मी ते गाणं इतकं वाजवलं
की फीत तिथेच ताणली गेली,
काळीज आलं की आवाज जड व्हायचा, पुरुषी,
कोटाच्या मालकासारखा.

तोंडी परीक्षेला बाई बाहेरून आलेल्या.
मी घर, हवामान, आवडता पदार्थ
(ठेचा; त्याला शब्दच नव्हता, हातानेच कुटून दाखवला).
ऐकता ऐकता त्यांनी पेन खाली ठेवलं.
"इटलीत किती वर्षं होतात तुम्ही?"

मी वाशीमपासून पुण्यापर्यंत, एवढंच.
तसं सांगितलं. त्या हसल्या, काहीतरी लिहिलं.
बाहेर फर्ग्युसन रस्त्यावर
उसाच्या रसाच्या गाडीशी उभी राहिले
आणि मला एकटीलाच हसू येत राहिलं.
माझ्या जिभेवर बोट ठेवून
कुणी पहिल्यांदाच
प्रवासाचं विचारलं होतं.

आता बाणेरला रविवारची बॅच. सोळा जण, सगळे कंपनीतले,
कुणाला बार्सिलोना, कुणाला चिलीचा प्रोजेक्ट.
गावी भाची म्हणते, "आत्या, तू टीव्हीवानी बोलतं."
इथे शेजारच्या काकू अजून विचारतात,
मूळचे तुम्ही कुठले?

मागच्या रविवारी धडा सातवा, शरीराचे अवयव.
सोळा तोंडांतून एकदम आलं
कोरात्सोन.
माझंच. तिचं. वीस वर्षं
मी वाटत आलेय, मापात, फी घेऊन.
मार्कर ठेवला. बाटलीतलं पाणी प्यायले.
मग फळ्यावर लिहून दुरुस्त केलं:
स. नुसता स. पुन्हा म्हणा.
म्हणाले बिचारे.

वर्ग सुटल्यावर जिन्यात
उदगीरचा तो अबोल मुलगा, गंगाप्रसाद,
बॅग सावरत, स्वतःशीच,
दर पायरीला एकदा:
त्सोन, त्सोन.
मी वरच उभी राहिले,
तो खाली पोचून
हेल्मेट घालेपर्यंत.