साडेपाच

मिल्यारायने द्रावण बनवलं, बाटलीला चिकटपट्टी लावली,
तिच्यावर लिहिलं: साडेपाच.
वेळ नव्हे, आंबटपणा.
बिनदुधाच्या कॉफीइतका, किंवा त्याहूनही थोडा कमी.

माझं काम मोजायचं.
वाल्दिव्हियात, विद्यापीठाच्या तिसऱ्या मजल्यावर,
नदीकडच्या खिडकीपाशी
बारा वर्षं मी पेशी पोसते, धुते, मोजते.
माकडाच्या मूत्रपिंडातल्या पेशी.
ते माकड मरून दोन पिढ्या झाल्या,
मूत्रपिंड अजून वाढतंय.

इथे खरा विषाणू नाही.
हाउन्स्टाइनबाई दर नव्या मुलाला हे दोनदा सांगतात.
आहे ते त्याच्या अंगावरचं प्रथिन,
पेशींना घालायला दिलेलं,
गेलेल्याचा कोट धाकट्याला व्हावा तसं.
कोट घालून पेशी शेजारी शेजारी बसतात,
सभ्य, आपापल्या भिंतीआड.
मग आम्ही साडेपाच ओततो.
पाच मिनिटं. आणि काढून घेतो.

खरा येतो तो दार फोडत नाही.
नुसता टेकतो.
पेशीच त्याला कवेत घेते, पिशवीत घालून आत नेते,
आणि पचवावं म्हणून पिशवी आंबवू लागते.
तो तेवढ्याचीच वाट पाहत असतो.
आंबट लागलं की त्याची घडी उलगडते,
एक आकडा पलीकडच्या पडद्यात रुततो,
प्रथिन कमरेत वाकतं,
दोन कातडी ओढली जातात एकमेकींकडे.
चंचुप्रवेश. मग काय, घर त्याचंच.

क्लोरिंदा मावशीने उन्हाळ्याच्या तोंडावर
लाकडांचं कोठार झाडलं.
त्या साली किला फुलली होती,
डोंगरातला तो बांबू, जो जन्मात एकदाच फुलतो आणि मरतो,
जाताना बी इतकं सांडतो
की लांब शेपटीच्या उंदरांची चैन होते,
आणि बी संपल्यावर ते खाली येतात, माणसांकडे.
किला फुलली की साल वाईट, असं पांगिपुयीत सगळेच म्हणतात.
मावशीही म्हणाली होती, हातात झाडू घेऊन.
धूळ उडाली, एवढंच.
सतरा दिवसांनी ताप.

तिला काचेआड ठेवलं.
आमच्याकडचा हा रोग माणसाकडून माणसाकडेही जातो.
तिने तळहात काचेला लावला,
मी बाहेरून लावला.
काच गार होती. मग नव्हती.

पुढे कधीतरी बाईंनी फळ्यावर काढून दाखवलं:
आधी बाहेरचे थर एक होतात,
आतले वेगळेच राहतात.
कधी गोष्ट तिथेच अडते,
भोक पडत नाही, काहीच ओलांडत नाही.
याला अर्धमीलन म्हणायचं.
मी वहीत उतरवून घेतलं,
तारीख घातली,
आणि खडूचा आवाज थांबेपर्यंत मान वर केली नाही.

आज पहिल्या खणात भिंती विरघळल्यात.
एका बेढब मोठ्या घरात सात केंद्रकं,
दाटीवाटीने, लग्नाहून परतलेल्या ट्रकमधल्यासारखी.
दुसऱ्या खणात रेमिहिओने बनवलेला तुकडा होता,
प्रथिनाला वाकू न देणारा.
तिथे एक. एक. एक. एक.
मिल्याराय माझ्या खांद्यामागे श्वास धरून.
एक. एक.
दोन.

मिसळल्यात, की एकीची आत्ताच विभागणी चाललीय?
भिंगाचं चाक पुढे, मागे, पुन्हा पुढे.
सांगता येत नाही.
"एकच लिही ना," ती म्हणते.
मी प्रश्नचिन्ह लिहिते.

खाली मासळीबाजारात समुद्रसिंह ओरडतायत,
कुणीतरी त्यांना डोकी फेकतंय,
दिवसाची शेवटची.
भिंतीवर पाच चाळीस.
अजून सात खण मोजायचेत.