उताणा

माझं काम पाण्यानं सुरू होतं.
बादली कोमट हवी. जास्त तापली तर प्लास्टर
माणसावर चढायच्या आधी माझ्याच हातात धरतं.
एकवीस वर्षं झाली. नखांच्या कडा पांढऱ्याच.
बायको म्हणते, जेवायला बसलास की वाटतं
कुणाचं तरी पीठ मळून आलास.

त्या दिवशी पहिला ओवेस, वय नऊ,
गच्चीवर पतंगाच्या मागं उलटा धावत गेलेला.
हाड धड तुटलंच नव्हतं. लिंबाची ओली फांदी वाकावी तसं
एका अंगानं साल फाटली होती,
दुसऱ्या अंगानं धरून होतं.
तीन आठवडे, म्हटलं. तेव्हा रडला.
दुखत नव्हतं, रविवारी मॅच होती.
प्लास्टर वाळता वाळता विचारलं,
यावर आमच्या संघाचा रंग मारला तर चालंल?
चालंल की.

मग सुदर्शन मगदूम, बावीस वर्षांचा,
दारातून आडवा होऊन आत आला.
गळपट्टीचं हाड. फिल्मवर इतकं शुभ्र
की डॉक्टरांनी ती दोनदा उजेडाला धरली.
वस्ताद बरोबर होते. दुखतंय का, हे कुणी विचारायच्या आधी
त्यांनी विचारलं, मातीत कधी उतरवायचा?

एक म्हातारे स्ट्रेचरवरून तसेच वर गेले.
खुब्याला प्लास्टर नसतं.
त्यांची एक चप्पल दिवसभर माझ्या खोलीत राहिली.

आणि शेवंताबाई गवळी. छप्पन्न.
गोठ्यात घसरल्या, बसल्या उंचीवरून,
लेकरू पडलं असतं तर उठून पळालं असतं.
मनगट चमच्यासारखं वाकलेलं.
त्यांची फिल्म मी नंतर एकट्यानं बघितली:
शेणी जळून गेल्यावर चुलीत आकार तसाच राहतो ना,
बोट लावलं की कळतं,
तशी.

दूध घेता का रोज? डॉक्टरांनी विचारलं.
शेवंताबाई हसल्या.
पाच म्हशी, चौतीस वर्षं कट्ट्यावर
गिऱ्हाइकाच्या डोळ्यांदेखत ग्लासात धार.
"इकायचं असतंय ते."
आणि पाळी कधी गेली?
त्यांनी माझ्याकडं बघितलं.
मी बादलीत काहीतरी शोधायला लागलो.

माझा उजवा हात आठव्या वर्षी गेला,
चालत्या ट्रॉलीतून ऊस ओढताना.
बांबूच्या कामट्या, अंडं, आंबेहळद,
तालमीतल्या एका म्हाताऱ्यानं बांधला.
जुळला. पण आपल्या मनानं जुळला.
तेव्हापासून तळवा पुरता उताणा होत नाही.
सुट्टे पैसे घरंगळतात.
तीर्थ घेताना खाली डावा धरावा लागतो.
तरी त्या म्हाताऱ्यावर राग नाही;
त्यानं रात्रभर हात मांडीवर घेतला होता.

सहा आठवड्यांनी शेवंताबाई आल्या.
करवत बघून पाय मागं घेतला.
मी ती आधी माझ्या तळव्यावर चालवली,
कातडी कापत नाही, नुसती थरथरते, बघा.
प्लास्टर उघडलं. आत हात बारीक झालेला,
भिजून सुरकुतलेला, कोंडा धरलेला,
त्यांनी तो ओळखीचा नसल्यासारखा धरला.
उताणा करा, म्हटलं.
हळूहळू केला. पूर्ण.
"आता तुमचा."
मी केला. अर्ध्यात थांबला.
त्यांनी कोपर धरून जरा वळवून बघितला,
म्हशीचा पाय बघावा तसा,
आणि काही बोलल्या नाहीत.

रात्री कट्ट्यावर गेलो.
धार लेक काढत होता, शेवंताबाई पैसे घेत होत्या.
फेसाचा ग्लास त्यांनी माझ्या वाकड्या हातात
नीट टेकवून बसवला, सांडणार नाही असा.
मी तो तसाच परत त्यांच्यापुढं धरला.
गिऱ्हाइकं बघायला लागली.
लेकाचा हात आचळावर थांबला.

"लई उशीर झाला आता," त्या म्हणाल्या.
आणि प्याल्या.