एकूण एक्केचाळीस मिनिटं

डबा उघडला की आधी व्हिनेगरचा भपकारा,
मग आन्सेल्म केमेनेर.
सोळा मिलिमीटरची फिल्म, आंबत चाललेली,
कडांना वळलेली, सालीसारखी.
मी हातमोजे चढवते, भोकं मोजते,
फाटलेली चिकटवते.
नट कोण होता हे विचारणं
माझ्या कामात बसत नाही.

तरी एवढं कळलं:
रात्री तो रेनच्या टपाल कचेरीत पत्रं वेगळी करायचा.
शनिवारी गाडी धरून पॅरिसला.
तिथं एका बंद पडलेल्या छत्र्यांच्या दुकानात
मादाम व्हालाद कॅमेरा लावून बसलेली.
"अभिनय करू नकोस," एवढंच सांगायची.
त्यानं नाही केला.
सात फिल्ममध्ये नाही केला.

एकीत नुसती त्याची पाठ.
एकीत तो जिना चढतो आणि जिना संपत नाही,
कारण तीच चार पावलं छत्तीस वेळा जोडलीत;
ते जोड अजून बोटांना लागतात, खपल्यांसारखे.
एकीत तो नाहीच. खुर्ची आहे.
श्रेयनामावलीत मात्र:
खुर्चीवरून उठून गेलेला – आ. केमेनेर.

आणि ती बटाट्याची.
एक बटाटा, एक सुरी, अकरा मिनिटं, आवाज नाही.
हिच्यावर एका प्राध्यापकांनी वीस पानं लिहिली:
उजव्या हाताची आज्ञाधारक सफाई,
तिच्यात म्हणे कारखान्याची शिस्त दिसते.

मार्चमध्ये त्याची बहीण आली, रोस्कॉफहून,
कांद्यांची वेणी घेऊन. सोआझिग, वय शहाऐंशी.
"आम्हाला वाटायचं पॅरिसात बाई ठेवलीय.
आईनं मरेपर्यंत अबोला धरला.
बटाटे सोलायला जायचा होय, मेला!"

कोट न काढताच ती पडद्यासमोर बसली.
दोन मिनिटं. तीन.
"हा कोण?"
तुमचा भाऊ.
"छे. आमचा आन्सेल्म डावखुरा.
शाळेत दोन हिवाळे त्याचा डावा हात
पाठीला बांधून ठेवला होता, तरी बधला नाही."

मी यंत्र थांबवलं.
पट्टी दिव्यापाशी तिरकी धरली:
चकाकी जिथं नको त्या अंगाला.
दोन्ही कडांना भोकं असलेली फिल्म,
कधीतरी, कुणीतरी, पालथी गुंडाळलेली,
आणि चाळीस वर्षं
आम्ही सगळे त्याला आरशात पाहत आलेलो.

रीळ उलटवून पुन्हा लावलं.
सुरी डाव्या हातात आली,
खिडकी पलीकडे गेली,
गालावरचा तीळही.

सोआझिग पुढं वाकली.
"साल फार जाड काढतोय," म्हणाली,
आणि कोट काढून मांडीवर घेतला.