दोन टोपल्या बी

शहाद्यापासून जीप. जीपवाला म्हणाला,
"आठेन पुढे गाडी जावाव नही,"
आणि खरंच, डांबर तिथंच थांबलं होतं
सागाच्या एका मुळाशी,
वाक्य अर्धं टाकून कुणी चहाला जावं तसं.

आम्ही सहा जण. धुळ्याचे चार, अमळनेरचा एक औषधवाला,
आणि मी, भूमी अभिलेखात एकतीस वर्षं
दुसऱ्यांच्या बांधांवरून शाई फिरवलेली.
छापील कागदावर : चार दिवस, तीन मुक्काम,
पाडे, भाताच्या पायऱ्या, सूर्यास्त (हवामानानुसार).

वाटाड्या रूमश्या. एका बुटाला नाडी, दुसऱ्याला सुतळी.
तो सगळ्यांना 'तू' म्हणतो.
मोठे साहेब आले तेव्हाही म्हणालो, सांगतो,
आमच्या बोलीत दुसरा शब्द नाही.
एकतीस वर्षं मी मॅडम होते.
पहिल्याच चढावर धाप लागली, तर म्हणाला,
"तू बस. डोंगर कुठं जात नाही."
बसले.

पाडा म्हणजे गाव, असं वाटलेलं.
पाडा म्हणजे एक घर या टेकाडावर,
दुसरं हाक पोचेल तिथं, मधे मका.
हाक पोचली नाही, की पाडा दुसरा.
हद्दीची ही व्याख्या आमच्या नियमावलीत नव्हती.

रात्री भाकर, उडदाची डाळ, आमचूर.
औषधवाल्याने गुडघ्यांच्या गोळ्या वाटल्या.
घरच्या बोंदरीबाईने दोन मागून घेतल्या,
एक गिळली, एक कुडाच्या फटीत ठेवली,
जिथं आधीच होत्या : सुई, मतदानाची चिठ्ठी,
कुणाचा तरी दुधाचा दात.

दुसऱ्या दिवशी चालणं. नुसतं चालणं.
एक साप दिसला, तोही शेपटीपुरता.

तिसऱ्या दिवशी ओहोळात उतरलो.
पायऱ्या म्हणाव्या इतक्या त्या सरळ नव्हत्या.
ओहोळाला आडवे रचलेले दगड, त्याखाली पुन्हा दगड,
प्रत्येक रांगेमागे खोलीएवढा चिखल साठलेला
आणि चिखलात कमरेएवढा भात, नुकता फुलोऱ्यात.
"किती क्षेत्र?" मी सवयीनं विचारलं.
"दोन टोपल्या बी."
मी मनात आर करू लागले.
टोपली केवढी? पेरणारा हात कुणाचा?
"आणि सात-बारा?"
ओहोळ सरकारचा, तो म्हणाला, दगड ओहोळाचे,
माती वरच्या डोंगराची, सात पावसाळे वाहत आलेली.
थोडं थांबून : "भात आमचा."

मधली रांग रात्री फुटली होती.
त्याची मावशी सायकी एकटीच गुडघाभर गाळात,
लोंब्या धुऊन उभ्या करत होती.
रूमश्याने आमच्याकडे पाहिलं, कागदाकडे नाही.
"सूर्यास्त राहील," म्हणाला,
आणि बूट काढले.

मग दुपार कलेपर्यंत दगड, हातातून हातात.
एक मीही लावला. बरा बसला, वाटलं.
सायकीने न बघता तो उपटला,
फिरवला, आत ठोकला.
लांबट अंग आत जातं, बाहेर दिसतं ते नुसतं टोक.
मी सपाट, रुंद बाजू बाहेर ठेवली होती.
दिसावी म्हणून.

चौथ्या दिवशी जीप त्याच मुळाशी.
अभिप्रायाचा कागद आला, एक ते पाच.
औषधवाल्याने तीनवर खूण केली, शेजारी लिहिलं : सूर्यास्त नाही.
माझ्या नखांतला गाळ वाळून पांढरा झाला होता.
रूमश्या खिडकीशी वाकला,
"दिवाळीनंतर कापणी. तू ये."
"येते," मी म्हणाले,
आणि आवाज ओळखीचा वाटला.
खिडकीच्या अलीकडून, एकतीस वर्षं,
याच आवाजात मी सांगत आले होते :
पुढच्या आठवड्यात या.

त्याने मान हलवली.
जीपवाल्याने गिअर टाकला.